'रोम': सायगावच्या चाळीचं वास्तव की नुसती पळापळ?

ओपनक्लोज:
त्रान थान हुईचा 'रोम' (२०१९) काल पाहिला. ज्यांच्या गल्लीत मटका चालायचा त्यांना फार समजवावं लागणार नाही. व्हिएतनामच्या सायगावात सरकारी लॉटरीची सोडत दुपारी साडेचारच्या सुमारास निघते आणि शेवटच्या दोन आकड्यांवर बेकायदा सट्टा चालतो. रोम हा रस्त्यावर वाढलेला पोरगा. मोडकळीला आलेल्या इमारतीतल्या लोकांना आकडे सुचवायचे, त्यांचे पैसे धावत बुकीकडे पोचवायचे, हाच त्याचा धंदा. आकडा लागला तर खांद्यावर घेतील, नाही लागला तर तुडवतील. इमारत पाडायला निघालेत, जो तो कर्जात, तरी रोज आकडा आहेच. रोमचं काम दिग्दर्शकाच्या धाकट्या भावाने केलंय. व्हिएतनामी शहरातली गरिबी इतक्या आतून मी तरी पाहिली नव्हती.

शेवग्याची_शेंग:
आतून? कॅमेरा सतत तिरका, पोरं सतत पळतायत. दम आपल्याला लागतो, पण ही माणसं रोज बुडूनही पुन्हा का लावतात ते शेवटपर्यंत कळत नाही. वास्तव बघायचं तर दांग न्यात मिन्हचा 'दहावा महिना येईल तेव्हा' (१९८४) बघा. दुयेनचा नवरा लढाईत मारला गेलाय. आजारी सासऱ्याला कळू नये म्हणून ती मास्तरांकडून नवऱ्याच्या नावाने पत्रं लिहून घेते. वर गावच्या नाटकात नवऱ्याला युद्धावर धाडणारी बायको तिलाच करायची असते! तिथे कॅमेरा पळत नाही, म्हणून तिचा चेहरा दिसतो.

खुर्ची_नंबर_१४:
दोघंही एक विसरताय. 'रोम' सरकारी परवानगीआधीच दक्षिण कोरियातल्या बुसान चित्रपट महोत्सवात गेला, तिथे बक्षीसही मिळवलं आणि घरी निर्मात्यांना ४ कोटी डाँगचा दंड बसला. (घाबरू नका, रुपयात लाख-सव्वा लाख.) काटछाट होऊन २०२० च्या सप्टेंबरात व्हिएतनामच्या थेटरात लागला. ओपनक्लोज, तुम्ही कुठला पाहिलात?

ओपनक्लोज:
बहुतेक कापलेलाच. पण शेंगताई, तुमच्या त्या सिनेमात दुयेनला मेलेला नवरा भुताखेतांच्या बाजारात भेटतो. हे कुठलं वास्तव?

शेवग्याची_शेंग:
तिच्या गावचं. जिवंत आणि मेलेले वर्षातून एकदा बाजारात भेटतात ही तिथली श्रद्धा. ते काढलं तर बाई अर्धीच उरेल.

ओपनक्लोज:
मग रात्री स्वप्नात जे दिसलं त्यावरून सकाळी आकडा काढणारी माणसं काय वेगळी? का लावतात ते विचारत होतात ना. एकदा कधीतरी लागलेला असतो हो! आमच्या मजल्यावरचे एक काका साप दिसला की ठरलेला आकडा लावायचे, घर विकेपर्यंत.

शेवग्याची_शेंग:
काकांचं पटलं. तिरका कॅमेरा अजून नाही.