मदत हवी आहे: व्हरायटी शोच्या लेखिकेचं नेमकं काम कसं शोधायचं?

नमस्कार मंडळी, अमेरिकन टीव्हीच्या विनोदी लेखकांवर लेख लिहितेय. विनोदी अभिनेता सिड सीझरचा ‘युअर शो ऑफ शोज’ हा व्हरायटी शो (प्रहसनं, गाणी, नृत्य असा मिश्र कार्यक्रम) एनबीसी वाहिनीवर १९५० ते १९५४ चालला. शनिवारी रात्री दीड तास, तोही थेट प्रक्षेपण! लेखकांच्या खोलीत एकाने वाक्य टाकायचं, दुसऱ्याने फिरवायचं, तिसऱ्याने खोडायचं. श्रेयनामावलीत मात्र सगळे एकत्र. या लेखकांपैकी पुढे मेल ब्रुक्स सिनेमात, नील सायमन नाटकात गाजले. त्यांच्यावर भरपूर लिहिलं गेलंय. पण सुरुवातीपासून तिथे असलेल्या लेखिका ल्युसिल कॅलन यांचं काय? त्यांचा वाटा मला नीट मांडायचाच आहे. कोणतं प्रहसन कुणाच्या हातचं, हे ठरवायला मूळ संहिता किंवा जुन्या मुलाखती कुठे मिळतील? असं काम कुणी केलं असेल तर कृपया सांगा.