मुंबई बंदरातली 'मॅग्डाला' नावाची बोट, कोणाला माहितीये का?

दर्याबघ्या
मंडळी, मुंबई बंदराच्या एका जुन्या फोटोत एक विचित्र बोट दिसली, खाली नुसतं 'मॅग्डाला' लिहिलंय. डेक जवळजवळ पाण्याला टेकलेला, मधे काहीतरी उंच बांधकाम, त्याच्या दोन टोकांना दोन मोठे गोल डबे आणि शिडांचा पत्ताच नाही. आधी वाटलं बुडतेय की काय. ही खरंच युद्धनौका होती का? आणि असली तर एवढ्याशा उंचीवर भर पावसाळ्यात समुद्रात काय करायची?

कोळसा_इंजिन
बुडत नाहीये, बांधलीच तशी आहे :) चिलखती मॉनिटर म्हणतात तो प्रकार. लंडनच्या थेम्स आयर्नवर्क्सने बांधली, 1870 मधे पाण्यात उतरली, साधारण 3,300 टन. मुद्दाम मुंबईसाठीच बनवलेली. डेक खाली ठेवला की शत्रूला नेम धरायला फार काही उरत नाही आणि चिलखतही कमी जागेला लावावं लागतं, कारण 8 इंच जाड लोखंड सगळीकडे ठोकत बसलात तर बोट तरंगणार कशी. पण नुसता खाली डेक ठेवला तर लाट थेट आत, म्हणून एडवर्ड रीड या डिझायनरने मधल्या भागाभोवती चिलखती भिंत उभी केली, तेच तुम्हाला दिसतंय ते उंच बांधकाम. ते गोल डबे म्हणजे फिरते बुरुज, प्रत्येकात दोन 10 इंची तोफा.

आणि समुद्रात ती फारशी जायचीच नाही हो, बंदर राखायचं एवढंच काम, अधूनमधून तोफांच्या सरावापुरती बाहेर. इंग्लंडहून येताना तेवढ्या तात्पुरत्या डोलकाठ्या लावल्या होत्या.

तिरकस
म्हणजे पांढरा हत्ती. तीसेक वर्षं बंदरात उभी राहिली, एकही लढाई नाही, मग 1900 नंतर भंगारात. आणि एक नाही, दोन होत्या बरं का, दुसरी 'अ‍ॅबिसिनिया', जरा लहान आणि स्वस्तातली. नावं का अशी तर 1868 मधे रॉबर्ट नेपियर हा ब्रिटिश सेनापती मुंबईहून फौज घेऊन अ‍ॅबिसिनियावर, म्हणजे आताच्या इथियोपियावर गेला, मॅग्डालाचा किल्ला घेतला, तिथल्या सम्राट थिओडोरने आत्महत्या केली. त्या फौजेत इथले खरेखुरे हत्तीही होते, ते बिचारे निदान डोंगर चढून पाठीवरून तोफा तरी वाहत होते.

कोळसा_इंजिन
@तिरकस लढाई झाली नाही म्हणून फुकट गेली हे काय पटत नाही. बंदरात अशा दोन बोटी उभ्या आहेत कळल्यावर कोण उगाच एकदोन जहाजं घेऊन आत घुसेल? मिडल ग्राउंड, ऑयस्टर रॉक, क्रॉस आयलंड या बंदरातल्या बेटांवरच्या तोफाही त्याच कामाच्या, त्यांना कोणी पांढरा हत्ती म्हणत नाही. हां, तोफा लवकर जुन्या झाल्या हे मान्य. ठासणीच्या होत्या, म्हणजे जवळपास 180 किलोचा गोळा तोंडाकडून आत ढकलायचा, तेही त्या लोखंडी डब्यात बसून, मुंबईच्या मे महिन्यात! नंतर 1890च्या सुमारास मागून भरायच्या 8 इंची तोफा बसवल्या.

मेलबर्नकर_मावशी
अरे हिची सख्खी बहीण आमच्या इकडे आहे की! 'सर्बेरस', याच नमुन्याची, 1871 मधे मेलबर्नच्या बंदर-रक्षणासाठी आली. 1926 मधे ब्लॅक रॉकच्या हाफ मून बेमधे लाटा अडवायला म्हणून मुद्दाम बुडवली, आणि अजून तिथेच आहे, किनाऱ्यावरून बुरुज स्पष्ट दिसतात. 1993 मधे खालचा सांगाडा कोसळला, तेव्हापासून आणखीच खचलीये, बोटीवरचा भार कमी करायला 18 टनी तोफा काढून शेजारी समुद्रतळावर ठेवल्यात. पोहत जवळ जाऊ नका, कधी काय पडेल नेम नाही.

दर्याबघ्या
मावशी भारीच! दुर्बीण लागेल का किनाऱ्यावरून?

मेलबर्नकर_मावशी
छे, नुसत्या डोळ्यांनी दिसते. ओहोटीला जा फक्त.