मेयो आधी गिरणीतच गेले होते
वर कुणीतरी लिहिलंय की ओबी (ऑर्गनायझेशनल बिहेविअर, म्हणजे कामाच्या ठिकाणी माणसं कशी वागतात तो विषय) शिकवणारे प्राध्यापक कारखान्याचं तोंडही बघत नाहीत, पण या विषयातलं जुनं मोठं नाव, एल्टन मेयो, त्यांचं करिअर बघा ना, ऑस्ट्रेलियाचा माणूस, डॉक्टरकी अर्धवट सोडली, क्वीन्सलंडला तत्त्वज्ञान शिकवलं आणि १९२२ ला अमेरिकेत गेल्यावर नाव झालं ते फिलाडेल्फियाच्या कापड गिरणीतल्या कामामुळं. तिथं सूतकताई खात्यात माणूस टिकतच नव्हता, यांनी मधे मधे आडवं पडून विश्रांती घ्यायला लावली आणि लोक टिकायला लागले की! हार्वर्ड १९२६ ला, हॉथॉर्न या अमेरिकेतल्या कारखान्यातल्या कामगारांवरचं त्यांचं गाजलेलं काम त्यानंतर. आता आपल्या सोलापूरच्या अक्कलकोट रोडला टॉवेलच्या लूमवर बारा बारा तास उभं राहणाऱ्याला कोण आडवं पडू देतंय सांगा. पीएचडीला विषय सोलापुरातच पडलेत, उगं पुण्याला कशाला पळताय.