बारा वर्षं क्रॅक वापरून काही झालं नाही म्हणणाऱ्यांना

धंतोलीवाला: काल डिझाइनच्या कोरल सॉफ्टवेअरच्या क्रॅकबद्दल, म्हणजे कुलूप तोडलेल्या चोरीच्या प्रतीबद्दल, 'संत्रानगरी' यांनी लिहिलं, "बारा वर्षं क्रॅक कोरल वापरून राहिलो. टाकताना अँटिव्हायरस बंद करायचा, बस." अहो, चोराला आत घ्यायला चौकीदाराला सुटी? आमच्या दुकानात ऐन लग्नसराईत एका पोरानं हेच केलं. सकाळी प्रत्येक पत्रिकेच्या फाइलला नवं शेपूट, अन् फोल्डरात रीडमी: ९८० डॉलर, ७२ तासांत दिले तर ४९०. स्टॉप-डेजाव्हू नावाचा रॅन्समवेअर, म्हणजे फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा व्हायरस; क्रॅक आणि कीजेनमधूनच (चोरीचे लायसन्स नंबर बनवणारे प्रोग्रॅम) जास्त पसरतो. फाइली सोडवणारं फुकटचं डिक्रिप्टर २०१९ मध्ये निघालं, पण नंतरच्या प्रकारात किल्ली ऑनलाइन, म्हणजे चोराच्या सर्व्हरवर, बनलेली असली की तेही हात टेकते. आमची तशीच निघाली.

संत्रानगरी: बॅकअप नव्हता हे तुमचं पाप. क्रॅकवर काऊन ढकलता? अस्सल सॉफ्टवेअर घ्यायला पत्रिकेमागे सुटते किती, माहीत आहे ना?

महालचा कंपोझर: मूळ रोग जुने मराठी फॉन्ट! त्यांच्यासाठी पानं लावायचं जुनं पेजमेकर, अन् त्यासाठी क्रॅक. पेजमेकर ७ आलं २००१ मध्ये, त्याला युनिकोड (कुठल्याही कंप्युटरवर सारखी चालणारी अक्षरांची पद्धत) कळतच नाही. जुन्या फॉन्टातला मजकूर दुसरीकडे चिकटवला की 'स्वागतोत्सुक'च्या जागी इंग्रजी किडेमुंग्या.

संत्रानगरी: अन् माझ्या जुन्या कोरलात युनिकोड टाकलं की 'श्रद्धांजली'चा द्ध तुटते. तेराव्याचं कार्ड होतं, पार्टी दुकानात येऊन भांडली. मी भोगलं, तुम्ही नाही.

महालचा कंपोझर: मग जुनं काऊन वापरता? इंकस्केप हे डिझाइनचं सॉफ्टवेअर फुकट आहे, अक्षरं नीट जुळतात. युनिकोडची इनस्क्रिप्ट कीबोर्ड-मांडणी शिका.

संत्रानगरी: माझी बोटं जुन्या टाइपरायटरच्या रेमिंग्टन मांडणीवर बसली आहेत. बावन्नाव्या वर्षी आता अ-आ-इ-ई गिरवू?

महालचा कंपोझर: रेमिंग्टनच्या मांडणीतही युनिकोड टाइप होते, जी! पाहिलं तरी का कधी?

धंतोलीवाला: धागा क्रॅकचा आहे, कीबोर्डचा नाही! कॉपीराइट कायदा, कलम ६३ब वाचा: माहीत असून चोरीचं सॉफ्टवेअर वापरलं तर ७ दिवस ते ३ वर्षं कैद, दंड ५० हजार ते २ लाख. कैद टाळायची सवलत धंद्यासाठी न वापरणाऱ्याला. दुकानाला नाही.

संत्रानगरी: घाबरवू नका. माझं बँकेचं काम त्या कंप्युटरवर नसतेच, मोबाइलवरच करतो.

धंतोलीवाला: काऊन बरं? बारा वर्षांत काही झालं नाही ना?

संत्रानगरी: ...असंच. सावधगिरी म्हणून.

संत्रानगरी: बरं बाप्पा, जिंकले तुम्ही, वाटा पेढे. ते रेमिंग्टनवालं युनिकोड कुठं मिळते, तेवढं सांगा. इनस्क्रिप्ट मात्र मी शिकत नसतो.