पेल्यातला केशरी ब्रश

इंदूरच्या अनंत चतुर्दशीच्या झांक्या, म्हणजे चित्ररथांची मिरवणूक, बघायला आलेली मंडळी रविवारी रात्री परतली आणि सोमवारी सकाळी आमच्या ‘लोकमान्य नगर सगळे’ ग्रुपवर हे सुरू झालं. फुलांचे गुड मॉर्निंग आणि नानांचं रोजचं पंचांग गाळलंय. बाकी जसं झालं तसं. चिनूताई म्हणजे आत्याची मुलगी, दातांची डॉक्टर.

आई: (फोटो) पाहुणे गेले, ब्रश राहिले. बेसिनवरच्या स्टीलच्या पेल्यात सात ब्रश आहेत. त्यातले हिरवा, निळा आणि केशरी घरातल्या कुणाचे नाहीत. ज्याचा असेल त्याने बोला, नाहीतर कचरागाडीत देते.

आत्या: अगं वहिनी, हिरवा माझा! देऊ नकोस हं. दिवाळीत येतेच आहे.

आई: ताई, दिवाळीपर्यंत तो माझ्या बेसिनवर काय करेल?

आत्या: असू दे कोपऱ्यात. बडोद्याला माझा दुसरा आहे. हा इंदूरचा.

अण्णाकाका: निळा आपला.

आई: भाऊजी, याला ब्रश म्हणायचं का? सगळे केस बाहेर वळलेत, मधे टक्कल पडलंय.

अण्णाकाका: नवाच आहे वहिनी. होळीला घेतला होता.

मी: काका, होळीला सहा महिने झाले.

अण्णाकाका: मग? पावडरने घासणारा माणूस आहे मी, ब्रशचे इतके लाड नाही करत. बरं, केशरी कुणाचा?

आत्या: आमच्या ह्यांचा नाही. त्यांचा मी आठवणीने बॅगेत टाकला.

अण्णाकाका: हिचाही नाही. आणि वहिनी, तुमचा हिशेब चुकतोय. सातातून तीन गेले, उरले चार. घरात माणसं पाच. म्हणजे तुमच्याकडे एक जण दातच घासत नाहीये 😄

बाबा: पिंट्या.

मी: माझा काळा आहे, फोटोत समोरच दिसतोय. दरवेळी मीच का?

आई: थांबा थांबा. अरे देवा! केशरी तर समईचा.

आत्या: म्हणजे?

आई: अहो जुना झाला म्हणून मीच बाजूला काढला होता. गणपतीची सगळी उपकरणी चिंच-मीठ लावून त्यानेच घासली. समई, निरांजनं, तो लोट्याचा काठ. मोरीच्या कट्ट्यावर असतो. पेल्यात कुणी ठेवला?

बाबा: पाहुण्यांच्या गडबडीत गेला असेल कुणाच्या हातून.

आई: तसं असतं तर काही नव्हतं. आज सकाळी मी उचलला तेव्हा तो ओला होता.

अण्णाकाका: पाहुणे काल गेले, ब्रश आज ओला. वहिनी, चोर घरातलाच आहे.

छकुली: ईईईई 🤢

नाना: आमच्या लहानपणी हा प्रश्नच नव्हता. सकाळी कडुनिंबाची किंवा बाभळीची काडी तोडायची, टोक चावून कुंचला करायचा, दात घासायचे, तीच उभी चिरून जीभ खरवडायची आणि फेकून द्यायची. रोज नवा ब्रश. फुकट. आजही माझे अठ्ठावीस दात स्वतःचे आहेत. माझे आजोबा तर विकतच्या ब्रशला हात लावत नसत. म्हणायचे, डुकराचे केस आहेत, तोंडात कोण घालेल?

मी: नाना, डुकराचे? खरंच?

नाना: चिनूला विचार.

चिनूताई: (दुपारी १:४०) आत्ता क्लिनिकमध्ये डबा उघडला आणि बघते तर ५३ मेसेज. नाना, एकदम बरोबर. पूर्वी ब्रशला रानडुकराचेच राठ केस लावत. नायलॉनच्या केसांचा ब्रश १९३८ मध्ये अमेरिकेत ड्यूपाँ कंपनीच्या नायलॉनमुळे आला. डुकराचा केस आतून पोकळ, वाळायला वेळ लागायचा, गळायचाही. काडीचं म्हणाल तर ‘वापरा आणि फेका’ यात ती आपल्या सगळ्यांच्या पुढे होती, मान्य.

आता अण्णामामा. तुझ्या निळ्या ब्रशचा फोटो मी क्लिनिकमध्ये लावू का?

अण्णाकाका: लाव ना. नाव मात्र घालू नकोस.

चिनूताई: नियम सोपा आहे. तीन ते चार महिन्यांनी ब्रश बदलायचा. अमेरिकेतली डेंटल असोसिएशनही हेच सांगते. पण त्याआधी केस वाकले, पसरले, एकमेकांत गुंतले तर त्याच दिवशी. म्हणजे तारखेपेक्षा ब्रशचं डोकं बघा. कारण असं की नव्या ब्रशच्या प्रत्येक केसाचं टोक गोल घासलेलं असतं, आणि काम ते टोक करतं. दात आणि हिरडी जिथे मिळतात त्या घळीत शिरून तिथला चिकट थर उचलतं. केस बाहेर वळला की टोक गालाकडे बघतं आणि दातावर नुसतं केसाचं पोट फिरतं. फेस होतो, तोंडाला पेपरमिंटचा वास येतो, आपल्याला वाटतं झालं. घळीतला थर तिथेच.

अण्णाकाका: म्हणून तर मी जोर लावतो. आणि ब्रश हार्डच घेतो. सॉफ्टने मला घासल्यासारखंच वाटत नाही.

चिनूताई: मामा, तिथेच गडबड आहे. सहा महिन्यांत ब्रश म्हातारा होतो हे खरं, पण तुझा इतका चौफेर पसरलाय तो वयाने नाही. मुठीत धरून तव्यावरची काजळी काढल्यासारखा घासतोस तू. जोर लावणाऱ्याचा ब्रश दीड महिन्यातही असा होतो. ब्रशचे केस जे सोसतात ते हिरडीही सोसते, फक्त ती फोटोत दिसत नाही.

अण्णाकाका: हिरडीला काही झालेलं नाही.

चिनूताई: परवा सराफ्याच्या खाऊगल्लीत तू गार शिकंजी अर्धी सोडलीस असं आई सांगत होती.

आत्या: सोडलीच! दाताला लागते म्हणाला. आणि गरम जिलबीही एका बाजूने खात होता. मी म्हटलं, अण्णा आणि सराफ्यात ताट मागे सारतोय?

चिनूताई: मामा, आरशासमोर उभा राहा. ओठ वर कर. सुळ्याच्या मागच्या दोन दातांवर, हिरडीला लागून नख फिरव. अडकतं का?

(सतरा मिनिटं काही नाही.)

अण्णाकाका: अडकतं. दोन्हीकडे.

चिनूताई: तीच खाच. दाताचं वरचं कवच टणक असतं, पण हिरडी मागे सरकली की उघडं पडतं ते मूळ. ते मऊ. त्यावर हार्ड ब्रश, पावडर आणि आडवा करवतीसारखा हात असं वर्षानुवर्षं चाललं की खाच पडते आणि गार-गरम थेट आत पोचतं. कवच परत उगवत नाही, हिरडीही सहसा आपली आपण खाली येत नाही. आहे ते टिकवायचं. ग्वाल्हेरला कुणाला तरी दाखव, खाच भरता येते. आणि उद्यापासून सॉफ्ट ब्रश. मुठीत नाही, पेनासारखा धर, म्हणजे जोर लागतच नाही. केस हिरडीकडे थोडे तिरके ठेव, छोट्या छोट्या गोलांत फिरव, दोन मिनिटं. तो थर मऊच असतो, हलक्या हाताने निघतो. घट्ट बसून जे किटण होतं ते कुठल्याच ब्रशने निघत नाही, ते आमच्याच हाताने निघतं. त्यासाठी ताकद लावून फायदा शून्य.

अण्णाकाका: बरं. म्हणजे माझा ब्रश माझी चुगली करतो म्हण.

चिनूताई: आमच्या बहुतेक पेशंटांचे करतात. मी तर सांगते, पुढच्या वेळी येताना ब्रश घेऊन या.

आत्या: अगं पण केस वाकले तर उकळत्या पाण्यात बुडवले की सरळ होतात ना? आमच्या शेजारच्या बेन करतात.

चिनूताई: आई, थोडे सरळ दिसतीलही, पण टोकं झिजली ती झिजलीच. आणि गरम पाण्याने नायलॉन आणखी ढिलं पडतं. तीस रुपयांच्या ब्रशसाठी गॅस जाळू नकोस. आणि तू तो प्रवासात टोपण लावून, वर पिशवीत घालून नेतेस ना, ओलाच? रात्रभर गाडीत तो तसाच ओला दमट राहतो. आधी झटकून वाळव, मग टोपण. घरी तर टोपण नकोच.

मामी, तुमच्यावरही एक तक्रार आहे. सात ब्रश एका पेल्यात डोक्याला डोकं लावून, आणि पेल्याच्या तळाशी पाणी. फोटोत दिसतंय.

आई: अगं झांक्यांच्या दिवसांत घरात नऊ माणसं होती, पेला एक. कुठे ठेवू?

चिनूताई: नुसत्या पाण्याने धुवायचे, झटकायचे, उभे आणि जरा अंतरावर ठेवायचे, हवेवर वाळू द्यायचे. इतकंच. डेटॉल नको, मिठाच्या पाण्यात बुडवणं नको. एकाचा दुसऱ्याला लागू नये, एवढं बघायचं. घरात कुणाला ताप-खोकला असेल तर त्याचा वेगळ्या पेल्यात. कमोड जवळ असेल तर झाकण लावूनच फ्लश. चला, दोनचं पेशंट आलं.

बाबा: सगळं पटलं. पण चार महिने झाले हे लक्षात कोण ठेवणार? मला गाडीचा विमा लक्षात राहत नाही.

आई: सणांना जोडून टाका. संक्रांत, पाडवा, आषाढी, दसरा. साधारण तीन-तीन महिन्यांवर येतात. दसऱ्याला शस्त्रपूजेच्या आधी सगळ्यांचे ब्रश नवे.

नाना: अधिक मास पाडवा आणि आषाढीच्या मधे आला तर चार महिने होतात. चैत्र, वैशाख, ज्येष्ठ आणि वर एक.

मी: नाना, चार महिनेही चालतात, चिनूताईने सांगितलंय. पंचांग पास.

छकुली: आईच्या उपासाच्या यादीत आता ब्रशपण 😂

आत्या: पण जुन्यांचं करायचं काय? टाकवत नाहीत गं. माझ्याकडे एक नळाच्या तोटीला, एक कंगव्याला, एक मेंदीला, एक ह्यांच्या बुटांच्या कडेला.

आई: माझ्याकडे मिक्सरच्या भांड्याखालच्या खोबणीला एक. तिथे दुसरं काही जातच नाही. खिडकीच्या स्लायडिंगच्या पट्टीला एक. आणि समईला केशरी.

बाबा: म्हणजे आपल्या घरात ब्रश रिटायर होतच नाही. एक्स्टेंशनवर असतो.

मी: ग्रुपवर आपण बावीस जण. वर्षाचे चार धरले तर अठ्ठ्याऐंशी ब्रश. इतके नळ कुठून आणायचे?

बाबा: बांबूचा घ्या की.

मी: बांबूचा दांडा कुजतो, पण त्यावरचे केस बहुतेक नायलॉनचेच असतात, तेवढे पकडीने उपटावे लागतात. आणि साध्या ब्रशमध्ये दांडा एक प्लॅस्टिक, केस दुसरं, आणि केसांचे झुपके बसवायला आत पत्र्याच्या बारीक पिना. म्हणून तो वितळवून परत वापरणं अवघड.

नाना: गाडीत कुठल्या कप्प्यात द्यायचा ते नीट बघून द्या. ओल्यात गेला तर गाडीवाला तिथेच उभा राहून विचारेल. २०१७ पासून स्वच्छतेत पहिला नंबर आपल्या शहराने असाच नाही ठेवला.

आई: नाना, प्लॅस्टिकच्या कप्प्यातच देते मी. पण दोन ब्रश ठेवणार आहे, आणि आता प्रत्येक रिटायर ब्रशच्या दांड्यावर छकुलीच्या लाल नेलपॉलिशचा पट्टा. लाल पट्टा दिसला की तोंडात नाही. ठरलं.

छकुली: माझंच नेलपॉलिश का??

अण्णाकाका: वहिनी, सगळं ठरलं, पण मुद्दा राहिलाच. चार ब्रश, पाच माणसं.

आई: तेच मघापासून डोक्यात आहे. काळा पिंट्याचा. गुलाबी छकुलीचा. पांढरा ह्यांचा. जांभळा माझा. नानांचा जुना पिवळा मी झांक्यांच्या आधीच्या साफसफाईत टाकला, कारण चिनूने ताईंबरोबर नवा पाठवला होता. तो नवा पेल्यात नाही.

आत्या: मी स्वतः नानांच्या हातात दिला. हिरवा-पांढरा, सॉफ्ट.

आई: नाना?

(नाना ऑनलाइन. नाना टायपिंग. नाना टायपिंग. नाना ऑफलाइन.)

मी: रात्री नऊ वाजता नानांच्या कपाटातून रिपोर्ट. धोतरजोडीवर, रुमालात गुंडाळलेला, पाकीट न फोडलेला ब्रश सापडला आहे. (फोटो)

चिनूताई: नाना!! पाच दिवस काय वापरत होतात?

नाना: चांगला दिसला म्हणून ठेवला. बाहेरगावी जाताना न्यायला होईल.

आत्या: नाना, तुम्ही शेवटचे बाहेरगावी कधी गेलात? उज्जैनला, चार वर्षांपूर्वी.

नाना: पेल्यात केशरी होता. मोरीवर पडला होता तो मीच उचलून ठेवला. वाटलं, सूनबाईने माझ्यासाठी काढलाय. किंचित आंबट लागायचा, म्हटलं नवीन पेस्ट असेल. आणि चिनूच म्हणते ना मऊ वापरा? इतका मऊ ब्रश मला जन्मात मिळाला नव्हता.

अण्णाकाका: 🙏🙏🙏

आई: नाना, पाकीट आत्ता फोडा. पिंट्या, फोडलेल्याचा फोटो टाक. आणि भाऊजी, तुमच्या निळ्याला लाल पट्टा लावलाय. उद्यापासून समईला तो. हार्ड आहे, चांगला निघेल.