ते विमान पुठ्ठ्याचं नव्हतं
'मूकपटांच्या काळच्या विनोदपटांतली विमानं पुठ्ठ्याची आणि आकाश रंगवलेल्या पडद्याचं' असं कुणी म्हटलं, तर ते बऱ्याच चित्रपटांना लागू पडतं, पण सरसकट नाही. अमेरिकन विनोदपटांचा दिग्दर्शक मॅक सेनेट याचा १९१२ सालचा 'अ डॅश थ्रू द क्लाउड्स' बघा. एका रिळाचा, म्हणजे दहा-पंधरा मिनिटांचा मामला. नायिका मेबल नॉर्मंड वैमानिकावर भाळते आणि च्युइंगम विकणारा तिचा बिचारा प्रियकर (फ्रेड मेस) खाली हात चोळत बसतो. पुढे तो संकटात सापडतो, तेव्हा त्याला वाचवायला हीच विमानातून जाते! यातलं विमान खरंखुरं राइट बंधूंचं 'मॉडेल बी' आहे आणि वैमानिक फिलिप पारमली हाही खराच.

मेबल बसलीये कुठे ते नीट पाहा. कॉकपिट वगैरे काही नाही. खालच्या पंखाच्या पुढच्या कडेला वैमानिकाशेजारी उघड्यावर बसायचं, पाय एका दांडीवर टेकवायचे. मागे सायकलसारख्या साखळ्यांवर दोन पंखे घरघरत असतात. मी तर जत्रेतल्या पाळण्यातही डोळे मिटून घेतो, ही बाई हसतेय!

पारमलीला मात्र हा चित्रपट पडद्यावर बघायला मिळाला नसावा. १ जून १९१२ रोजी वॉशिंग्टन राज्यातल्या याकिमा इथे विमान कोसळून तो गेला. चित्रपट लागला त्याच महिन्याच्या २४ तारखेला. हे कळल्यापासून चित्रपटातल्या शेवटच्या उड्डाणाला मला हसू येत नाही.