एप्टेशिया खाणाऱ्या बर्घिया सोडल्या, पण दिसतच नाहीत

प्रश्न: रीफ टाकीत (प्रवाळांच्या खाऱ्या पाण्याच्या टाकीत) एप्टेशिया, म्हणजे उपद्रवी सी अ‍ॅनिमोन (समुद्रफूल), माजलाय म्हणून तो खाणाऱ्या ६ बर्घिया स्टेफनीई (शंख नसलेल्या समुद्री गोगलगायी) सोडल्या. आता एकही दिसत नाही. मेल्या का?

उत्तर १: लगेच तसं धरू नका. त्या निशाचर आहेत. टाकीचे दिवे बंद झाल्यावर दोन-तीन तासांनी लाल टॉर्चने खडकांच्या खालच्या बाजूला बघा. पांढऱ्या, गोल गुंडाळलेल्या अंड्यांच्या माळा सापडल्या तर ठणठणीत आहेत. प्रत्येक बर्घिया उभयलिंगी, तरी सहसा जोडीदार लागतो.

उत्तर २: मासे कोणते आहेत? रास (wrasse) जातीचे मासे किंवा पेपरमिंट झिंगे असतील तर ते बर्घिया खातात, विषय संपला. पंपाच्या तोंडाला स्पंज लावलाय ना? इवल्याशा पिल्लांचा तिथेच चुरा होतो. आणि टाकीत तांब्याचं औषध कधीच नको.

उत्तर ३: बर्घियाच्या पाठीवरच्या झुपक्यांची टोकं नीट पाहा. खाल्लेल्या एप्टेशियाच्या न फुटलेल्या दंशपेशी तिथे साठवून ती स्वतःच्या बचावाला वापरते. पण भक्ष्य एवढं एकच! एप्टेशिया संपला की उपासमार. म्हणून थोडा एप्टेशिया वेगळ्या डब्यात वाढवत ठेवा. पुढच्या वेळी क्षारता ठिबक पद्धतीने हळूहळू जुळवा आणि पिपेटने थेट एप्टेशियाच्या बुंध्याशी सोडा, वरून टाकू नका.